टाइम स्टोन? तो तर रेतीघाटावर पडलाय!

परीक्षेच्या आदल्या रात्री दोन वाजता तुम्ही हे कधी ना कधी म्हणाला असालच. ‘यार, फक्त चार दिवस मागे जाता आलं असतं ना...’ समोर चार युनिट बाकी, चहा थंडगार, आणि रूममेट घोरतोय. नेमक्या अशा वेळी डॉक्टर स्ट्रेंज आठवतो. गळ्यात तो हिरवा खडा, हात फिरवला की खाल्लेलं सफरचंद पुन्हा अख्खं. किंवा तुमच्या दादाला विचारा, त्यानं २००३ सालचा ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ खेळला असेल. त्यात राजपुत्राच्या खंजिरात जादूची वाळू असते. उडी चुकली, खाली पडला, की बटण दाबायचं, वाळू उधळायची आणि वेळ काही सेकंद मागे. हॅरी पॉटरमधल्या हर्मायनीच्या गळ्यातही वाळूचं घड्याळच होतं.

सगळ्या गोष्टींमध्ये एक अट मात्र सारखी. हा खडा, ही वाळू अतिशय दुर्मीळ. एकाच राजाकडे, एकाच मंदिरात, एकाच ग्रहावर. त्यासाठी युद्धं होतात, माणसं मरतात.

आता मी सांगतो ते ऐका आणि हसू नका. वेळ साठवणारं खनिज खरंच आहे. ते नागपूरपासून एसटीनं तासा-दीड तासावर, कुही तालुक्यात आहे. दुर्मीळ तर अजिबात नाही. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भरून रोज शहरात येतं, आणि तुम्ही आत्ता ज्या भिंतीला टेकून हे वाचताय तिच्यातही आहे.

त्याचं नाव गारगोटी. पुस्तकात स्फटिक म्हणा, क्वार्ट्झ म्हणा. सिलिकॉन आणि ऑक्सिजन, बस. नदीची रेती म्हणजे मुख्यतः याच गारगोटीचा चुरा.

आधी कुहीबद्दल, कारण नागपूरच्या पोरांनाही कुही म्हटलं की उमरेड रोडवरचा फाटा आणि आंभोऱ्याची ट्रिप यापलीकडं फारसं सुचत नाही. ज्यांच्या घरी थोडे वयस्कर लोक आहेत त्यांना इतवारीहून नागभीडकडं जाणारी छोटी गाडी आठवेल, ती नॅरो गेज. २०१९ मध्ये ती रुंदीकरणासाठी बंद झाली. त्या गाडीत बसलेले सांगतात की वेळ हळू करायला जादूचा खडा लागतच नव्हता, तिकीट काढलं की झालं!

पण कुहीची खरी गंमत जमिनीखाली आहे. नागपूर शहर एका सीमेवर बसलंय. शहराच्या पश्चिमेला दख्खनचा काळा कातळ, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. त्याच्यापासूनच आपली कापसाची काळी माती झाली. पूर्वेला सरकलात, कुही-भिवापूर-भंडारा बाजूला गेलात, की हा लाव्हा संपतो आणि त्याच्या कितीतरी आधीचे, दाबानं आणि उष्णतेनं पिळवटून निघालेले खडक वर येतात. या जुन्या खडकांना जागोजागी पांढऱ्या रेघा असतात. शेताच्या बांधावर, रस्ता खोदताना निघालेल्या दगडात तुम्ही त्या पाहिल्या असतील. त्या गारगोटीच्या शिरा. जमिनीच्या खोल पोटातलं गरम, खनिजांनी भरलेलं पाणी भेगांमधून वर आलं, थंड झालं आणि गारगोटी होऊन बसलं.

भूगर्भशास्त्राच्या नकाशावर ‘कुही-खोबना’ हे नाव याच शिरांमुळं आहे. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाची माणसं इथं आणि जवळच्या आगरगावात फिरली ती टंगस्टनसाठी. टंगस्टन म्हणजे जुन्या पिवळ्या बल्बची तार. ते वितळायला ३,४२२ अंश सेल्सिअस लागतात, इतर कुठल्याही धातूला एवढं तापमान लागत नाही. खडक फोडणाऱ्या ड्रिलच्या टोकापासून तोफगोळ्यांपर्यंत सगळीकडं तो हवा असतो, आणि आपल्याकडं अगदी थोड्या जागी सापडतो. म्हणजे ‘दुर्मीळ खनिज’ हवंच असेल तर तेही कुहीत आहे. त्याचं एक रूप शीलाइट. दिवसा बघितलं तर मळकट पांढरा दगड, कुणी उचलणारही नाही. पण रात्री अतिनील दिवा मारला की निळसर पांढरा उजेड देतो. शीलाइट शोधणारे भूवैज्ञानिक म्हणूनच अंधारात असा दिवा घेऊन फिरतात. गावातल्या म्हाताऱ्यानं लांबून हे दृश्य पाहिलं तर सकाळी पारावर कोणती कथा सांगितली जाईल, विचार करा.

आणि त्या दुर्मीळ टंगस्टनच्या आजूबाजूची गारगोटी? ती टाकाऊ. खाणीच्या हिशेबात टंगस्टन हा माल आणि गारगोटी हा कचरा. मला इथंच थांबावंसं वाटतं, कारण वेळेची जादू या कचऱ्यात आहे.

तुमच्या मनगटावर स्मार्टवॉच असो की चौकातल्या दुकानातलं दीडशे रुपयांचं घड्याळ, आत गारगोटीचा एक तुकडा आहे. १८८० मध्ये फ्रान्सच्या झाक आणि पिएर क्युरी या भावांनी दाखवलं की स्फटिक दाबला की त्यावर विजेचा भार येतो. उलटंही खरं. वीज दिली की स्फटिक थरथरतो. आणि ही थरथर विलक्षण ठरावीक असते. १९२७ मध्ये अमेरिकेतल्या बेल लॅबमध्ये यावर पहिलं घड्याळ झालं, ते कपाटाएवढं. २५ डिसेंबर १९६९ ला जपानच्या सेइकोनं ते मनगटावर आणलं. किंमत होती साडेचार लाख येन, म्हणजे तेव्हा जवळपास एका छोट्या कारएवढी.

घड्याळातला स्फटिक ट्यूनिंग फोर्कच्या आकाराचा असतो आणि सेकंदाला बरोब्बर ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा कुठून आला? कॉम्प्युटरवाल्यांनी ओळखला असेल. दोनचा पंधरावा घात. त्याला पंधरा वेळा निम्मं केलं की उरतो एक. एक ठोका, एक सेकंद. एवढं साधं आहे. आजोबांच्या किल्लीच्या एचएमटीत चाकं, स्प्रिंग, तेल, दुरुस्तीवाला, काय काय लागायचं. गारगोटीनं ते सगळं एका चिपमध्ये घातलं. (घड्याळातला स्फटिक हल्ली कारखान्यात, मोठ्या दाबाच्या भांड्यात वाढवलेला असतो. त्यामुळं कुहीच्या बांधावरची गारगोटी उचलून घड्याळ बनवायला बसू नका. तुम्ही बसाल, म्हणून सांगतोय.)

पण ही झाली वेळ मोजायची गोष्ट. मागे जायचं काय?

मोबाइलची बॅटरी डोळ्यांसमोर आणा. नदीकाठच्या रेतीचा एक कण घ्या, मिठाच्या दाण्याएवढा. तो उन्हात पडलाय, म्हणजे त्याची बॅटरी शून्य टक्के. एके दिवशी पूर येतो, त्याच्यावर गाळाचा थर बसतो, कण अंधारात गाडला जातो. आसपासच्या मातीत युरेनियम, थोरियम, पोटॅशियम अगदी किंचित प्रमाणात असतंच. त्यांचा किरणोत्सर्ग त्या कणावर वर्षानुवर्षं पडत राहतो. स्फटिकातले इलेक्ट्रॉन त्यामुळं जागचे उठतात आणि स्फटिकाच्या रचनेत जिथं खोट असते, खाच असते, तिथं जाऊन अडकतात. अंधार आहे तोवर अडकूनच राहतात. दरवर्षी थोडे थोडे. बॅटरी चार्ज होत राहते, शंभर वर्षं, हजार वर्षं.

आता कुणीतरी तो कण अंधारातच बाहेर काढला, प्रयोगशाळेत नेला आणि त्याच्यावर निळा किंवा हिरवा प्रकाश टाकला, की अडकलेले इलेक्ट्रॉन सुटतात आणि जाता जाता स्वतःचा क्षीण उजेड देतात. तो उजेड मोजायचा. कणानं एकूण किती मात्रा खाल्ली ते कळतं. त्या मातीत वर्षाला किती मात्रा मिळते तेही मोजायचं. भागाकार करा. समजा कणाकडं सहा ग्रे जमलेत आणि हजार वर्षांना तीन ग्रे मिळतात, तर हा कण दोन हजार वर्षांपूर्वी शेवटचं ऊन पाहून गाडला गेला. चौथीतलं गणित.

‘शेवटचं ऊन’ हा शब्द मी पहिल्यांदा वाचला तेव्हा अंगावर काटा आला होता, खोटं नाही सांगत.

या पद्धतीचा पाया १९८५ मध्ये कॅनडात डेव्हिड हंटले आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घातला. आपल्याकडं अहमदाबादच्या भौतिकी संशोधन प्रयोगशाळेत हे काम अनेक दशकं चाललंय, अशोक सिंघवी हे त्यातलं मोठं नाव. नमुना घ्यायची रीतही मस्त आहे. लोखंडी नळी नदीकाठच्या उभ्या दरडीत हातोडीनं ठोकायची, दोन्ही तोंडं लगेच बंद करायची, काळ्या पिशवीत गुंडाळायची. पुढचं सगळं काम मंद लाल दिव्यात. कारण चुकून ऊन लागलं तर काही मिनिटांतच हजारो वर्षांची जमा पुंजी साफ. कण पुन्हा शून्यावर.

आणि हो, तुमच्या हॉस्टेलची भिंत. तिच्यात कन्हानची रेती असण्याची शक्यता दाट आहे, नागपुरात घर बांधणाऱ्याला तीच हवी असते. ती घमेल्यात उन्हात पडली तेव्हा तिचं घड्याळ शून्य झालं, आणि प्लास्टरच्या आत अंधार झाला त्या दिवशी पुन्हा सुरू झालं. जुन्या इमारतींच्या चुन्यातली वाळू अशी मोजून त्यांचं वय काढतातही. तुमची भिंत मोजायला पाचशे वर्षांनी कुणी आलं तर त्याला तुमच्या पोस्टरची चिकटपट्टीही सापडो.

हे यंत्र चुकत नाही असं समजू नका. बुलडाण्याच्या लोणारचं उदाहरण घ्या. उल्केच्या धडकेनं तिथं जी काच झाली, तिच्यातला असाच अडकलेला उजेड, फक्त तापवून, मोजला तेव्हा वय आलं साधारण ५२ हजार वर्षं. कितीतरी वर्षं तेच छापलं जायचं, तुमच्या शाळेच्या सहलीच्या माहितीपत्रकातही असेल. नंतर आरगॉन वायूच्या पद्धतीनं वितळलेले खडक तपासले. २०११ मध्ये उत्तर छापलं गेलं, सुमारे ५ लाख ७० हजार. दहापट फरक! बॅटरी एका मर्यादेनंतर भरते, कधी गळतेही, आणि मग तिच्यावरचा आकडा खरा राहत नाही. म्हणून खूप जुन्या काळासाठी दुसरं खनिज धरतात, झिरकॉन. तेही रेतीतच, गारगोटीच्या सोबतीनं, पण चिमूटभर. तयार होताना ते युरेनियमला आत घेतं, शिशाला घेत नाही. पुढं युरेनियमचंच हळूहळू शिसं होतं. दोन्हींचं प्रमाण मोजलं की अब्जावधी वर्षांपर्यंत जाता येतं. ऑस्ट्रेलियात सापडलेला झिरकॉनचा एक कण ४४० कोटी वर्षांचा निघाला.

परत कुहीला येऊ. या तालुक्यात अडम नावाचं गाव आहे. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या अमरेंद्र नाथ यांनी १९८८ पासून काही हंगाम तिथं खोदकाम केलं. मातीची तटबंदी, भोवती खंदक, आत सातवाहनांच्या काळातलं नांदतं नगर. त्याच्या खाली लोहयुग, त्याच्या खाली ताम्रपाषाण, आणि अगदी तळाशी मध्याश्मयुग. पाच थर, एकाच जागी. एक मुद्राही मिळाली, तिच्यावर अस्सक जनपदाचं नाव आहे. बुद्धाच्या काळातल्या सोळा महाजनपदांची यादी स्पर्धा परीक्षेसाठी पाठ केली असेल ना? त्यातलं ते अश्मक. तुम्ही गाइडमधून घोकलेलं नाव कुहीच्या मातीतून वर आलंय.

मध्याश्मयुगातली माणसं दगडाची जी बारीक पाती करायची, ती बहुतेक अकीक, कॅल्सेडनी, जास्परची. ही सगळी गारगोटीच्याच घराण्यातली. सातवाहनकाळातले रंगीत मणीही त्याच घराण्यातले. म्हणजे ज्या खनिजात आपण वेळ मोजतोय, त्याच खनिजावर ती माणसं जगत होती. शिकार त्यानं, दागिना त्याचा. मांढळ तर तुम्हाला बाजाराचं गाव म्हणून माहीत असेल. तिथं वाकाटकांचे ताम्रपट आणि मूर्ती मिळाल्या, नागपूर विद्यापीठानं सत्तरच्या दशकात खोदकाम केलं. आणि आंभोरा, जिथं वैनगंगेला बाकीच्या नद्या येऊन मिळतात. मुकुंदराजांनी ‘विवेकसिंधु’ इथंच लिहिला असं इकडची मंडळी ठामपणे सांगतात. अंबाजोगाईवाले तेवढ्याच ठामपणे नाही म्हणतात. ते भांडण आपण सोडून देऊ.

आंभोऱ्याच्या नव्या पुलावर सेल्फी काढताना खाली जे अथांग पाणी दिसतं ते गोसीखुर्द धरणाचं. १९८८ च्या एप्रिलमध्ये राजीव गांधींच्या हस्ते भूमिपूजन झालं. धरण खाली पवनीजवळ, पण फुगवटा इथपर्यंत. कुही तालुक्यातली कितीतरी गावं उठली. तुमच्या वर्गात एखादा मुलगा असेल, त्याच्या गावाच्या नावापुढं ‘पुनर्वसन’ लागलेलं असतं. त्याला विचारा की जुनं गाव कुठं होतं, तो पाण्याकडं बोट दाखवेल. वेळ मागे फिरवायची खरी इच्छा कुणाला असेल तर ती त्याच्या आजीला. तिला टाइम स्टोन द्या आणि काय मागते ते पाहा. सिनेमात दाखवत नाहीत असलं मागणं, मागच्या अंगणातल्या चिंचेखाली एकदा बसायचं, एवढंच.

ते काही या रेतीला जमत नाही. तिला जे जमतं ते वेगळं आहे, आणि ते गावांच्या जिवाशी जोडलेलं आहे.

२०२० च्या ऑगस्टअखेरीस वैनगंगेला महापूर आला. भंडारा शहरात पाणी शिरलं, खाली ब्रह्मपुरी, गडचिरोलीपर्यंत गावं बुडाली. तेव्हा घरोघरी एकच वाक्य होतं, ‘आमच्या जन्मात असा पूर नाही पाह्यला बाप्पा.’ पण जन्म केवढा? ऐंशी वर्षांचा. पाणी मोजण्याच्या सरकारी नोंदी किती जुन्या? फार तर शंभर-सव्वाशे वर्षांच्या. मग असा पूर खरोखर किती वर्षांनी येतो, हे कोण सांगणार? पुलाची उंची, पुनर्वसनाची जागा, घराचं जोतं, सगळं या एका उत्तरावर ठरतं.

याचं उत्तर काठच्या दरडीत असतं. मोठा पूर ओसरताना कोपऱ्याकोपऱ्यात गाळ आणि रेतीचा थर सोडून जातो. पुढचा मोठा पूर त्यावर दुसरा थर ठेवतो. पुणे विद्यापीठाच्या विश्वास काळे यांनी नर्मदेच्या अशा थरांवरून जुन्या महापुरांचा इतिहास लावला. आता थरातल्या रेतीच्या कणाचं शेवटचं ऊन मोजता येतं, म्हणजे तो पूर कधी आला तेही काढता येतं. शेकडो, हजारो वर्षांचं पुराचं रजिस्टर. कुणी लिहिलं नाही, पण आहे.

आणि नेमकं हेच रजिस्टर आपण पानं फाडून विकतोय. रात्री अकरानंतर नदीकाठच्या कुठल्याही गावात मुक्काम करून बघा, टिप्परचे आवाज झोपू देत नाहीत. पात्रातली मोकळी रेती संपली की काठ कापायला सुरुवात होते. दरडीत अंधारात पडून राहिलेला थर जेसीबीच्या एका घासात बाहेर येतो, सकाळी त्याच्यावर ऊन पडतं. झालं. शून्य टक्के. त्या कणानं हजार वर्षं सांभाळलेलं उत्तर दुपारपर्यंत कुणाच्या तरी स्लॅबमध्ये. जे काठ फुगवट्याखाली गेले तेही हाताला लागणं कठीण.

रेती काढूच नये असं मी म्हणत नाही, घरं तर बांधायचीच आहेत, आणि ट्रॅक्टर चालवणारा पोरगाही तुमच्याच वयाचा आहे, त्याचं घर त्यावर चालतं. पण काठ आणि पात्र यांत फरक आहे, आणि तो रात्रीच्या अंधारात कुणी करत नाही. ग्रामसभेत रेतीघाटाचा विषय निघतो तेव्हा रॉयल्टी, रस्ता, दंड सगळं बोललं जातं. दरडीत काय लिहिलंय हे बोलणारं तिथं कुणी नसतं. तुम्ही भूगर्भशास्त्र, भूगोल, इतिहास, सिव्हिल यातलं काही शिकत असाल तर बोलू शकता. फोटो काढा, थर मोजा, जागा नोंदवा. नागपूर विद्यापीठात भूगर्भशास्त्राचा विभाग आहे, पुरातत्त्वाचाही आहे. सेमिनरी हिल्सवर भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचं कार्यालय आहे. प्रोजेक्टला विषय मिळत नाही म्हणून गेल्या वर्षीच्या फाइलीचं मुखपृष्ठ बदलणाऱ्यांनो, हे तुमच्यासाठी.

तोवर एक करा. बांधावरून, रस्त्याच्या कडेनं किंवा नदीतून मुठीत मावतील अशा दोन पांढऱ्या गारगोट्या आणा. धुऊन कोरड्या करा. रात्री खोलीतला दिवा बंद करा, मोबाइलची स्क्रीनही पालथी घाला, पाच मिनिटं डोळे अंधाराला सरावू द्या. मग दोन्ही गारगोट्या एकमेकींवर जोरात घासा. दगडाच्या आत पिवळसर उजेड लकाकेल आणि जळल्यासारखा वास येईल. दगड फार जोरात आपटू नका, कपची डोळ्यात जाईल. आणि रूममेटला आधी सांगून ठेवा, नाहीतर तो उठून बसेल.